नागाचा डूख आणि गंधाचा माग

चेन्नईच्या एग्मोर भागात पँथिऑन मार्गावर जे सरकारी संग्रहालय आहे, त्याची स्थापना मद्रास इलाख्याच्या सरकारने १८५१ साली केली आणि १८५४च्या अखेरीस ते आजच्या आवारात आणले. त्याचे पहिले प्रमुख एडवर्ड बाल्फोर हे पेशाने शल्यवैद्य. परंतु निर्जीव नमुन्यांच्या जोडीला जिवंत प्राणीही लोकांच्या दृष्टीस पडावेत अशी त्यांची धारणा असल्यामुळे १८५५ साली याच आवारात एक प्राणिसंग्रह उभा राहिला, आणि तोच पुढे १८६३ साली पीपल्स पार्कमध्ये व १९८५ साली शहराबाहेर वंडलूर येथे हलविण्यात आला. आज या संग्रहालयात एकीकडे आंध्रातील अमरावतीच्या स्तूपाची शिल्पे आहेत व त्यांत स्तूपाचे रक्षण करणारा पंचफणी नाग कोरलेला दिसतो. दुसरीकडे प्राणिशास्त्राची दालने आहेत. शिल्पांच्या दालनात माणसाने नागाविषयी काय कल्पिले ते कळते, प्राण्यांच्या दालनात सर्पकुळाचा देह कसा घडला आहे ते कळते. परंतु ज्या साधनाने एक साप दुसऱ्याशी व्यवहार करतो, ते साधन मात्र कोणत्याही दालनात जतन करता येत नाही, कारण मद्यार्कात बुडविलेल्या देहाचा आकार वर्षानुवर्षे टिकतो, त्याचा मूळ गंध टिकत नाही. सर्पांविषयी आपल्या समाजात जे समज शतकानुशतके रुजले आहेत, त्यांतील पुष्कळांचे मूळ या न दिसणाऱ्या, न जपता येणाऱ्या गंधाच्या अज्ञानात आहे, आणि म्हणून त्या गंधाचीच हकीकत येथे सांगावयाची आहे.

मनुष्य हा डोळ्यांवर आणि कानांवर विसंबणारा प्राणी असल्यामुळे संवाद म्हटला की त्याला शब्द, स्वर, हावभाव, फार तर रंग आठवतात. परंतु सजीव सृष्टीचा फार मोठा भाग मुका आहे, आणि त्यातील कित्येक जीव काळोखात, बिळात, मातीखाली किंवा गढूळ पाण्यात राहतात, जेथे डोळ्यांचा उपयोग बेताचाच. अशा जीवांनी संदेशवहनासाठी रासायनिक द्रव्यांचा आश्रय केला. स्वर उमटला की क्षणात विरतो. मुद्रा किंवा रंग दाखविणारा प्राणी दूर झाला की दिसेनासा होतो. पण दगडावर, झुडपावर अथवा वाटेवरच्या मातीवर ठेवलेला गंध हा चावडीवर डकविलेल्या जाहीरनाम्यासारखा असतो, म्हणजे तो लावणारा निघून गेल्यावरही मजकूर तेथेच राहतो आणि ज्याला वाचता येते त्याला तो कळतो. कोण येऊन गेले, ते कोणत्या जातीचे, नर की मादी, तरुण की वृद्ध, समागमास उत्सुक की नाही, हद्द कोणाची, एवढा सगळा तपशील त्यात सामावू शकतो. उणीव एवढीच की हा संदेश सावकाश पोहोचतो आणि वारा-पाऊस त्याला मोडतो.

या विद्येला शास्त्रीय पाया मिळाला तो १९५९ साली. जर्मन रसायनशास्त्रज्ञ अडॉल्फ बुटेनांट यांनी सुमारे पाच लाख रेशीमपतंगांच्या माद्यांपासून, दोन दशकांच्या परिश्रमानंतर, नराला आकर्षित करणारे द्रव्य शुद्ध स्वरूपात वेगळे केले आणि त्याला बॉम्बिकोल हे नाव दिले. त्याच वर्षी पीटर कार्लसन व मार्टिन ल्युशर या दोघांनी अशा द्रव्यांसाठी फेरोमोन ही संज्ञा सुचविली: एका प्राण्याने शरीराबाहेर सोडलेले आणि त्याच जातीच्या दुसऱ्या प्राण्याच्या ठायी ठराविक प्रतिक्रिया घडविणारे द्रव्य. मराठीत शेती खात्याने आणि शेतकऱ्यांनी त्यासाठी कामगंध हा शब्द रूढ केला आहे.

आता सर्पाकडे वळू. सापाची लवलवती, टोकाशी दुभंगलेली जीभ पाहून भय वाटणार नाही असा माणूस विरळा. तीच त्याची नांगी, तिच्यातूनच विष येते, अशी समजूत आजही खेड्यापाड्यांत आणि शहरांतही आढळते. महाभारताच्या आदिपर्वात या दुभंगलेल्या जिभेची एक कथा आहे. गरुडाने आणलेला अमृतकुंभ दर्भावर ठेवलेला असता इंद्राने तो उचलून नेला, आणि स्नान आटोपून आलेल्या सर्पांनी अमृताचा काही अंश उरला असेल या आशेने ते दर्भ चाटले, तेव्हा दर्भाच्या धारेने त्यांच्या जिभा चिरल्या. ॲरिस्टॉटलने याच जिभेविषयी असा तर्क केला होता की तिच्यामुळे सापाला चवीचे सुख दुप्पट मिळत असावे. ॲरिस्टॉटलचा तर्क टिकला नाही, कारण सापाच्या जिभेवर रुचिकलिकाच नसतात. परंतु आपल्या पुराणकथेतील सर्प जे करीत होते, म्हणजे निघून गेलेल्या वस्तूचा मागे राहिलेला अंश जिभेने शोधीत होते, तेच कार्य आधुनिक शास्त्रही सापाच्या जिभेकडे सोपविते, आणि कथाकाराच्या निरीक्षणशक्तीविषयी आदर वाटावा असाच हा मेळ आहे.

घडते ते असे. साप तोंड न उघडताच ओठांमधील खाचेतून जीभ बाहेर काढतो, ती हवेत हलवितो किंवा भूमीला टेकवितो, आणि तिला चिकटलेले सूक्ष्म कण आत नेतो. त्याच्या टाळूत दोन बारीक छिद्रे असतात व ती एका स्वतंत्र इंद्रियात उघडतात. डॅनिश शल्यवैद्य लुडविग जेकबसन यांनी एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी सस्तन प्राण्यांतील या इंद्रियाचे सविस्तर वर्णन केले, म्हणून ते त्यांच्या नावाने ओळखले जाते. नाकाने दूरवरच्या, हवेत उडणाऱ्या गंधाची वर्दी मिळते. जेकबसनचे इंद्रिय जड, न उडणाऱ्या द्रव्यांचीही परीक्षा करते. जीभ दुभंगलेली का, याचा उलगडा अमेरिकन प्राणिशास्त्रज्ञ कर्ट श्वेंक यांनी १९९४ साली मांडला. दोन टोके एकमेकांपासून दूर फाकवून साप डाव्या व उजव्या बाजूचे दोन वेगळे नमुने एकाच क्षणी घेतो, कोणत्या बाजूला द्रव्य अधिक आहे याची तुलना करतो, आणि त्यावरून वाट कोणीकडे वळली हे ठरवितो. ज्या जिभेला आपण शस्त्र समजत आलो, ती वास्तविक माग काढणाऱ्याचे उपकरण आहे. घोरपडीची जीभही अशीच दुभंगलेली असते आणि तीही याच कामी येते.

या उपकरणाने साप भक्ष्य शोधतो. अमेरिकेतील रॅटलस्नेक हा सर्प उंदराला दंश करून लगेच सोडून देतो, म्हणजे उंदराच्या दातांपासून त्याचे स्वतःचे रक्षण होते. पुढे काही अंतरावर मरून पडलेला तोच उंदीर तो जिभेच्या साहाय्याने हुडकून काढतो, आणि दंश झालेल्या उंदराचा माग व इतर उंदरांचा माग यांतील भेद त्याला अचूक कळतो, हे प्रयोगांनी सिद्ध झालेले आहे. टेक्सासमधील एक आंधळा साप, आपल्याकडील वाळ्याचा दूरचा भाऊबंद, मुंग्यांनी आपसांतील दळणवळणासाठी आखलेल्या गंधवाटेवरूनच त्यांच्या वारुळात शिरतो व त्यांची अंडी-पिल्ले खातो, आणि मुंग्या चाल करून आल्या की गुदद्वाराजवळील ग्रंथींचा स्राव अंगाला माखून त्यांना परतवितो; एका जातीचा खाजगी पत्रव्यवहार दुसऱ्या जातीने वाचावा, असेच हे घडते.

परंतु सर्पांच्या रासायनिक संवादाचे सर्वांत सखोल अध्ययन झाले ते कॅनडातील मॅनिटोबा प्रांतात. तेथे नार्सिस नावाच्या ठिकाणी चुनखडकाच्या कपारींत तांबड्या पट्ट्यांचे गार्टर साप हजारोंच्या संख्येने हिवाळा काढतात. वसंतात बर्फ वितळले की आधी नर बाहेर पडतात आणि माद्यांची वाट पाहत थांबतात. मादी बाहेर येताच डझनावारी नर तिच्याभोवती वेटोळी घालतात. या गर्दीत मादी कोण हे ते डोळ्यांनी ओळखत नाहीत. रॉबर्ट मेसन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८९ साली दाखवून दिले की मादीच्या त्वचेतील स्निग्धांशात मिथिल कीटोन या वर्गातील लांब साखळीची द्रव्ये असतात आणि नराच्या जिभेला ती लागली की त्याचे प्रियाराधन सुरू होते. उलट नराच्या त्वचेतील स्क्वालीन हे द्रव्य तो नर असल्याचे इतरांना सांगते. सरपटणाऱ्या प्राण्यांत ज्याची रासायनिक घटना निश्चित झाली असा हा पहिला कामगंध होय. ही द्रव्ये हवेत पसरत नाहीत. अंगावर किंवा अंग घासून गेलेल्या जमिनीवर जीभ टेकविली तरच ती वाचता येतात.

हे ध्यानी घेतल्यावर नागाच्या डूखाची गोष्ट पुन्हा तपासून पाहावी. नाग मारला की त्याची जोडीदारीण मारेकऱ्याला ओळखून ठेवते आणि कधी ना कधी सूड उगविते, ही समजूत महाराष्ट्रात इतकी खोल रुजली आहे की दीर्घकाळ वैर धरण्याला आपण डूख धरणे असेच म्हणतो, आणि चित्रपटांनी तर मेलेल्या नागाच्या डोळ्यांत मारेकऱ्याची छबी उमटल्याचेही दाखविले आहे. वस्तुतः सापांच्या जोड्या माणसांसारख्या संसार करीत नाहीत. समागमाचा काळ सरला की नर आपल्या वाटेने जातो. कोणा माणसाचा चेहरा ध्यानात ठेवून त्याचा पाठलाग करण्याचे सामर्थ्य सापाच्या मेंदूत नाही. परंतु ऋतुकालात मादीच्या देहाने जमिनीवर ठेवलेला गंध तिच्या मृत्यूबरोबर पुसला जात नाही, आणि जेथे तिचा माग संपतो तेथे एखादा नर येऊन ठेपणे स्वाभाविक आहे. शिवाय ज्या घराच्या आसपास उंदीर, अडगळ आणि बिळे आहेत तेथे एक साप आला तसा दुसराही येणार. अंगणात मादी मारली आणि चार दिवसांनी तेथेच दुसरा साप दिसला, ही हकीकत जेव्हा खरी असते, तेव्हा तिचा अर्थ एवढाच असतो.

अशीच दुसरी समजूत नाग आणि धामण यांच्या लग्नाची. दोन लांबलचक साप एकमेकांना पीळ घालून उभे राहिलेले दिसले की लोक हात जोडतात, त्यांच्यावर नवे वस्त्र टाकतात आणि ते वस्त्र शुभ म्हणून घरी जपून ठेवतात. हे दृश्य बहुधा धामणीच्या दोन नरांच्या बलपरीक्षेचे असते. नागाने धामणीशी संग करावा हे संभवत नाही, कारण प्रत्येक जातीच्या त्वचेवरील रासायनिक खूण वेगळी असते आणि परजातीच्या मादीपाशी नराला आपल्या मादीचा गंध सापडत नाही.

सापाचा माग काढण्याच्या विद्येत माणसांतही काही निष्णात आहेत, आणि त्यांची वस्ती चेन्नईच्या परिसरातच आहे. इरुळा या आदिवासी जमातीचे लोक पिढ्यान्‌पिढ्या साप पकडीत आले. त्यांना सापाचे रसायन वाचता येत नाही. पण धुळीवरची पुसट रेघ, बिळाच्या तोंडाशी गुळगुळीत झालेली माती, टाकलेली कात, विष्ठा यांवरून साप कोणता, किती मोठा आणि आत आहे की नाही हे ते सांगतात. सापांच्या कातड्याच्या व्यापारावर बंदी आल्यावर त्यांच्या उपजीविकेचा प्रश्न उभा राहिला, तेव्हा सर्पतज्ज्ञ रोम्युलस व्हिटेकर यांच्या पुढाकाराने १९७८ साली त्यांची सहकारी संस्था निघाली. व्हिटेकर यांनी गिंडी येथील सर्पोद्यान आणि १९७६ साली शहराच्या दक्षिणेस समुद्रकिनारी मद्रास क्रोकोडाइल बँक ही संस्था यापूर्वीच उभी केली होती. इरुळा लोक साप पकडतात, विष काढतात आणि साप पुन्हा सोडून देतात. त्यांनी पुरविलेल्या विषापासून देशात प्रतिसर्पविष बनते व माणसांचे प्राण वाचतात. या जमातीतील मासी सदैयन आणि वडिवेल गोपाल हे दोघे २०१७ साली अमेरिकेतील फ्लोरिडात बोकाळलेले अजगर शोधून देण्यासाठी गेले होते, आणि २०२३ साली भारत सरकारने त्यांना पद्मश्री दिली.

सरपटणाऱ्या प्राण्यांतील इतर कुळांकडे पाहिले तर प्रत्येकाची रीत निराळी दिसते. पुष्कळ सरड्यांच्या मांड्यांच्या आतील बाजूस बारीक छिद्रांची रांग असते. नरांत तिच्यातून मेणासारखा स्राव पाझरतो आणि तो दगडावर घासून प्राणी आपली हद्द नोंदवितो. आपल्या कुंपणावरच्या सरड्याला मात्र अशी छिद्रे नसतात. तो मान हलवून, गळा-डोके लाल करून डोळ्यांना दिसेल अशा भाषेत बोलतो. मगरीच्या हनुवटीखाली आणि गुदद्वाराजवळ गंधग्रंथी असतात, परंतु सापाप्रमाणे जेकबसनचे इंद्रिय तिला नसते. समुद्री कासवांच्या बाबतीत गंधाची गोष्ट आपल्याला अंतर्मुख करणारी आहे. लॉगरहेड जातीच्या कासवांवर केलेल्या प्रयोगांत, ज्या प्लास्टिकवर समुद्रात राहून शेवाळ व सूक्ष्म जीव साचले होते त्याच्या वासाला ती कासवे खाद्याच्या वासासारखीच प्रतिसाद देतात, असे २०२० साली प्रसिद्ध झाले. चेन्नईच्या किनाऱ्यावर आणि कोकणात वेळासला अंडी घालण्यासाठी येणारी ऑलिव्ह रिडले कासवेही प्लास्टिक साचलेल्या समुद्रांतूनच येतात. आपण समुद्रात टाकलेला कचरा हा नुसता अडथळा होऊन राहत नाही. तो प्राण्यांच्या भाषेत खोटी साक्ष देतो.

सस्तन प्राण्यांच्या जगातही हाच कारभार चालतो. म्हैस माजावर आली की तिचे मूत्र हुंगून रेडा मान उंचावतो, वरचा ओठ मुरडतो आणि क्षणभर स्तब्ध राहतो, हे प्रत्येक शेतकऱ्याने पाहिलेले असते. त्या मुद्रेने तो गंधद्रव्य जेकबसनच्या इंद्रियापर्यंत पोहोचवीत असतो. हत्ती हेच काम सोंडेच्या टोकाने करतो. आशियाई हत्तिणीच्या मूत्रातील नराला बोलावणारे द्रव्य लोइस रासमुसेन यांनी १९९६ साली ओळखले, आणि तेच द्रव्य शंभराहून अधिक जातींच्या पतंगांत कामगंध म्हणून वापरले जाते असे निघाले. संस्कृत कवींनी मत्त गजाच्या गंडस्थळाभोवती भ्रमर गुंजारव करतात असे वर्णन वारंवार केले, आणि ते निव्वळ कविसंकेत मानण्याची आपली रीत होती. परंतु रासमुसेन यांनी तामिळनाडूच्या वनखात्याचे ख्यातनाम हत्तीवैद्य व्ही. कृष्णमूर्ती यांच्यासह केलेल्या अध्ययनात २००२ साली असे आढळले की तरुण नराच्या मदस्रावाला मधासारखा गंध येतो, वयाबरोबर तो उग्र होत जातो, आणि या फरकावरून वडीलधारे नर कोवळ्या नराला प्रतिस्पर्धी न मानता सोडून देतात.

वाघ झाडाच्या बुंध्यावर मागच्या बाजूने जो द्रव फवारतो, त्याला सुवासिक तांदळासारखा वास येतो. कोलकात्याचे शास्त्रज्ञ रतनलाल ब्रह्मचारी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९० साली दाखविले की तो वास २-असिटिल-१-पायरोलिन या द्रव्याचा आहे, आणि बासमतीचा किंवा आपल्या आंबेमोहोराचा घमघमाट त्याच द्रव्याने येतो. काळविटाच्या डोळ्याखाली एक ठळक ग्रंथी असते. तिचा काळसर स्राव नर गवताच्या टोकांवर व काटक्यांवर ठेवतो. या हरणाच्या गंधखुणांचे बारकाईने अध्ययन तिरुचिरापल्लीच्या भारतिदासन विद्यापीठातील संशोधकांनी वंडलूरच्या प्राणिसंग्रहालयात केले. एग्मोरच्या आवारात बाल्फोर यांनी जी जिवंत प्राण्यांची शाळा सुरू केली, तिचा वारसा अशा रीतीने गंधाच्या अध्ययनापर्यंत आलेला आहे.

हे ज्ञान केवळ कुतूहलापुरते नाही. २०१७ साली विदर्भात कपाशीवर गुलाबी बोंडअळीचा प्रचंड प्रादुर्भाव झाला आणि यवतमाळ जिल्ह्यात विषारी औषधे फवारताना शेतकरी व मजूर दगावले. बोंडअळीच्या मादीचा कामगंध १९७३ सालीच निश्चित झाला होता. तो कृत्रिम रीतीने बनवून सापळ्यात ठेवला की नर पतंग मादी समजून त्यात येतात. सलग तीन रात्री प्रत्येक सापळ्यात आठ किंवा अधिक पतंग सापडले तरच उपाय योजण्याची वेळ आली असे समजतात, म्हणजे विनाकारण फवारणी टळते. शेतकऱ्याचा पैसा, मजुराचा जीव आणि मधमाशीसारखे निरपराध कीटक, तिन्ही वाचविण्याची शक्ती या गंधाच्या चिमूटभर द्रव्यात आहे.

भारतात सर्पदंशाने दरवर्षी सरासरी सुमारे ५८ हजार माणसे मरतात असा शास्त्रशुद्ध अंदाज २०२० साली प्रसिद्ध झाला. सापाविषयीचे भय निराधार नाही, आणि दंश झाल्यास मांत्रिकाकडे न जाता तत्काळ रुग्णालय गाठणे हाच एक मार्ग आहे. परंतु भय वेगळे आणि वैर वेगळे. साप घरात आला तर सर्पमित्राला बोलवावे, अडगळ हटवावी, उंदरांचा बंदोबस्त करावा. सूडाच्या कल्पनेने घाबरून निरुपद्रवी धामणीपासून नागापर्यंत दिसेल तो साप ठेचू नये. तो आपल्या जातीने मागे ठेवलेला माग वाचीत आला होता, त्या मागात आपले नाव कोठेही नव्हते, आणि एवढे एक सत्य घरोघरच्या मुलांना आपण सांगितले तर पुढच्या पिढीच्या मनातील सापाचा डूख निघून जाईल.